बेळगावच्या पावसात चंदेरी पानांचा वाफा टिकवायचा कसा?

प्रश्न थोडक्यात असा. अनगोळमध्ये घरासमोर, कंपाउंडच्या आत ३० फूट लांब आणि ४ फूट रुंद वाफा आहे. माती तांबडी. गेल्या हिवाळ्यात त्यात डस्टी मिलर, लॅव्हेंडर आणि लॅम्ब्ज इअर लावलं. एप्रिल-मेच्या उन्हातही झाडं छान होती. जुलैत मात्र पानं काळी पडून लोळायला लागली आणि महिनाअखेर वाफा रिकामा झाला. आता पुन्हा तीच झाडं लावायची आहेत. शिवाय निपाणीला नणंदबाईंच्या दारातही असाच वाफा करायचा आहे, आणि तिकडची जमीन काळी आहे.

तुमची झाडं खत कमी पडलं म्हणून किंवा कुठल्या किडीमुळे गेलेली नाहीत. चंदेरी पानांची बहुतेक झाडं कोरड्या, खडकाळ, उन्हाच्या मुलखातली आहेत. बेळगावचं ऊन त्यांना सहज सोसतं. त्यांना सोसत नाही ती आर्द्रा ते आश्लेषा या दीड-दोन महिन्यांची झड. त्यामुळे वाफ्याची आखणी ‘पावसात काय जगेल’ या प्रश्नापासून सुरू करायची. फुलं, रंगसंगती हा पुढचा भाग.

त्याआधी नर्सरीत गेल्यावर एक गोष्ट पाहायला शिका. पानाचा चंदेरी रंग तीन निरनिराळ्या कारणांनी येतो आणि झाड कुठे लावायचं ते त्यावरच ठरतं. पहिलं कारण लव. डस्टी मिलर, लॅम्ब्ज इअर, दवणा, लॅव्हेंडर, ल्युकोफायलम, सिल्व्हर फॉल्स यांच्या पानांवर बारीक पांढऱ्या केसांचा थर असतो. नखानं हलकं खरवडलं की कापसासारखी लव निघते आणि खाली हिरवं पान दिसतं. दुसरं कारण मेण. रुईचं पान डोळ्यांसमोर आणा. शनिवारी मारुतीच्या माळेसाठी पानं ओवताना बोटांना जी पांढरट भुकटी लागते, ते मेण. घायपात, ग्राप्टोपेटलम, बिस्मार्क पाम हे याच गटातले. बोट फिरवलं की रंग पुसला जातो आणि त्या पानावर तो पुन्हा येत नाही. तिसरं कारण पानाच्या आत असतं. वरच्या सालीखाली हवेचे बारीक कप्पे असतात आणि त्यांच्यावरून उजेड परततो. पिलिया (नर्सरीत ॲल्युमिनियम प्लांट म्हणून मिळतो), रेक्स बेगोनिया, झेब्रिना यांचे चंदेरी पट्टे आणि ठिपके असे तयार होतात. ते चोळून, खरवडून जात नाहीत.

लव आणि मेण ही उन्हापासून बचावाची साधनं आहेत. म्हणून त्या दोन गटांना कडक ऊन आणि कोरडं बूड लागतं. हवेच्या कप्प्यांची झाडं दाट जंगलाच्या सावलीतली, त्यांना ओलावा आणि आडोसा हवा. हे तीन गट एकाच वाफ्यात घातले, तर पाण्याच्या एकाच वेळापत्रकात कोणता तरी गट मरणारच.

आता जुलैत नेमकं काय घडतं ते पाहू. झड लागली की पानावरची लव ओल्या कापसासारखी पाणी धरून बसते. साध्या गुळगुळीत पानावरचं पाणी उघडीप मिळताच वाळतं, लवेतलं दोन-दोन दिवस वाळत नाही. बुरशीला रुजायला काही तासांचा सलग ओलावा पुरतो, इथे तिला दिवस मिळतात. जमिनीतही तसंच. मातीच्या पोकळ्या पाण्यानं भरल्या की मुळांना हवा मिळत नाही, आणि पिथियम, फायटोफ्थोरा या बुरशींची बीजं तर पाण्यात पोहत एका मुळावरून दुसऱ्यावर जातात. म्हणून एक झाड गेलं की ओळच्या ओळ जाते.

मेलेलं झाड टाकून देण्यापूर्वी उपटून पाहा. मुळाची साल चिमटीत धरून ओढल्यावर मोज्यासारखी निघून आली आणि आत फक्त दोरा उरला, तर ती मूळकूज. बुंध्याशी जमिनीलगत पांढरे धागे पंख्यासारखे पसरलेले असले आणि त्यात मोहरीएवढे तपकिरी दाणे असले, तर ती स्क्लेरोशियम बुरशी. आपल्याकडे भुईमुगावर येते तीच. ते दाणे मातीत काही वर्षं जिवंत राहतात. अशी खूण सापडली तर झाडाभोवतीची वितीभर खोल माती दाण्यांसकट काढून कचऱ्यात द्या. ती कंपोस्टच्या खड्ड्यात टाकू नका.

वाफा बांधताना

नवी झाडं आणण्याआधी वाफ्यात एक फूट लांब, रुंद आणि खोल खड्डा घ्या. पाण्यानं भरून जिरू द्या, मग पुन्हा भरा आणि पट्टीनं मोजा. दुसऱ्या वेळेस पाणी तासाला इंचभर तरी उतरलं पाहिजे. चार तासांत ते चार इंचही उतरलं नसेल तर वाफा नुसता भुसभुशीत करून भागणार नाही, तो उचलावाच लागेल. अनगोळ, वडगाव, टिळकवाडी भागात वरचा थर तांबडा आणि मोकळा दिसला तरी खाली चिकणमाती लागू शकते. शिवाय घर बांधताना गाड्यांनी दाबलेली जमीन बहुतेक अंगणांत असते.

तुमच्या वाफ्यासाठी मी ९ इंच उंची धरेन. ३० × ४ फूट म्हणजे १२० चौरस फूट, आणि त्यावर ९ इंच म्हणजे ९० घनफूट. ब्रासच्या भाषेत एका ब्रासला १० घनफूट कमी. हे मिश्रण असं करा: वाफ्यातलीच किंवा जवळची तांबडी माती ४० घनफूट, चाळलेला मुरूम २५, पाव इंची खडी १५ आणि पूर्ण कुजलेलं शेणखत १०. भाजीच्या वाफ्याच्या हिशेबानं शेणखत फारच कमी वाटेल, पण ते जाणूनबुजून तसं आहे. जास्त सेंद्रिय खत म्हणजे जास्त धरलेलं पाणी. पावसाळ्यात तेच आपल्याला नको आहे.

यात लोक तीन चुका हमखास करतात. पहिली, खडीचा थर तळाशी घालून त्यावर माती ओतणं. बारीक मातीतलं पाणी खालच्या भरड थरात सहजी उतरत नाही. वरची माती पूर्ण भिजून गच्च होईपर्यंत ते वरच थांबतं आणि मुळं त्यातच बसतात. खडी मातीत मिसळायची, खाली अंथरायची नाही. दुसरी, खडीऐवजी क्रशरची भुकटी घालणं. ती मातीत बसून घट्ट होते. तिसरी, नवी माती जुन्या दाबलेल्या जमिनीवर तशीच टाकणं. आधी खालची जमीन कुदळीनं फूटभर खणून मोकळी करा, मगच वर भर घाला.

कडेला जांभ्याचे चिरे लावा, पण सिमेंटनं सांधू नका. फटींतून पाणी बाहेर पडू द्या. वाफ्याची मागची बाजू पुढच्यापेक्षा दोन इंच उंच ठेवा. जांभ्याचा आणखी एक फायदा: चंदेरी पान तांबड्या दगडापुढे जसं उठून दिसतं तसं कशापुढेच दिसत नाही. पांढऱ्या रंगवलेल्या भिंतीपुढे तेच पान हरवून जातं.

पागोळीकडे लक्ष द्या. छपराच्या किंवा स्लॅबच्या कडेचं पाणी जिथे धारेनं पडतं, तिथे यांतलं कुठलंही झाड टिकणार नाही. वाफा पागोळीच्या आत हवा, नाहीतर तिच्यापासून दोन फूट बाहेर तरी.

उन्हाचाही हिशेब करा. लवेच्या आणि मेणाच्या झाडांना रोज सहा तास थेट ऊन लागतं. आपल्या अक्षांशावर डिसेंबरात भर दुपारीसुद्धा सहा फुटी भिंतीची सावली उत्तरेला पाच फुटांच्या आसपास पडते. म्हणजे कंपाउंडच्या भिंतीला लागून उत्तरेकडे चार फुटी वाफा असेल, तर ऐन हंगामात त्याला ऊन जवळजवळ मिळत नाही. तुमचा वाफा तसा असेल तर डस्टी मिलरचा नाद सोडा आणि खाली दिलेली सावलीची झाडं लावा.

तांबडी माती आम्लधर्मी असते. या झाडांना सामू (पीएच) साधारण ६.५ ते ७.५ चालतो. मातीची चाचणी करून घ्या. सामू ६ च्या खाली आला तर चौरस मीटरला १५० ते २०० ग्रॅम शेतीचा चुना, म्हणजे तुमच्या ११ चौरस मीटरच्या वाफ्याला साधारण दोन किलो, लागवडीच्या तीन आठवडे आधी मातीत मिसळा. चुना आणि शेणखत एकाच दिवशी घालू नका, नत्र उडून जातं. मध्ये दोन आठवडे जाऊ द्या. चाचणी न करता चुना टाकणं मात्र टाळा.

मागची झाडं बुरशीनंच गेली आहेत, म्हणून शेणखतात ट्रायकोडर्मा ही उपयोगी बुरशी वाढवून घ्या. १० घनफूट शेणखत म्हणजे साधारण दीडशे ते पावणेदोनशे किलो. त्यात दीड किलो ट्रायकोडर्मा भुकटी मिसळून ढीग सावलीत गोणपाटाखाली ओलसर ठेवा, मधूनमधून खालीवर करा आणि दहा-पंधरा दिवसांनी वापरा. ज्या मातीत ट्रायकोडर्मा घातलं तिथे पुढचे काही आठवडे तांब्याचं बुरशीनाशक ओतू नका. ती उपयोगी बुरशीही त्यानं मरते.

सध्या मघा, म्हणजे ऑगस्टचा उत्तरार्ध चालू आहे. माती मळून तिचा लाडू होतोय तोवर कुदळ लावू नका. मूठ आवळून सोडल्यावर ढेकूळ बोटानं फुटलं की वाफसा आला समजा. पूर्वा-उत्तराच्या उघडिपीत वाफा बांधून ठेवा, दोन-तीन सरी त्यावर पडून तो बसू द्या, खचलेल्या जागी भर घाला आणि लागवड हस्त संपता संपता किंवा चित्रात करा. म्हणजे ऑक्टोबरच्या दुसऱ्या ते चौथ्या आठवड्यात. परतीचा पाऊस जोरात असेल तर आठवडाभर थांबलात तरी काही बिघडत नाही.

निपाणीचा वाफा

तिकडे पाऊस अनगोळपेक्षा कमी, पण काळी माती पाणी सोडत नाही. काळ्या जमिनीत खड्डा खणून त्यात मुरूम भरला की आजूबाजूचं सगळं पाणी त्या खड्ड्यात येऊन साचतं. ती झाडाची जागा न राहता विहीर होते. म्हणून तिथे खणायचं नाही, फक्त वर चढायचं. जमीन टिकावानं वरवर उकरून तिच्यावर १२ ते १५ इंच उंच वाफा करा: निम्मा मुरूम, पाव भाग खडी, उरलेल्या पाव भागात शेत-माती आणि थोडं शेणखत. चिऱ्यांच्या बाहेर, वाफ्याच्या कडेनं वितीभर खोल चर काढून तो उताराला सोडा. उन्हाळ्यात काळी जमीन भेगाळते आणि कडेचे चिरे हलतात. दरवर्षी मेमध्ये ते परत बसवावे लागतील. चुना तिथे अजिबात नको. काळ्या जमिनीचा सामू आधीच ८ च्या आसपास असतो आणि ल्युकोफायलमसारख्या झाडांना तो चालतो.

चिकोडी-अथणीकडे पाऊस आणखी कमी होत जातो, अथणीला तर बेळगाव शहराच्या निम्म्याच्या आसपास. तिकडे हीच झाडं पावसाळ्यात फारशी राखण न करताही जगतात. उलट कणकुंबी-जांबोटीच्या बाजूला लवेची झाडं उघड्यावर लावण्यात पैसे घालवू नका. तिथे ती पडवीतल्या कुंडीतच ठेवावीत.

कोणतं झाड, कुठे, किती

चार फूट रुंदीत मागे उंच, मध्ये फुलांची एक ओळ आणि पुढे बुटकी कड, अशी मांडणी बसते.

मागच्या ओळीला ल्युकोफायलम, म्हणजे टेक्सास सेज. मूळ टेक्सास आणि उत्तर मेक्सिकोच्या कोरड्या भागातलं. मागच्या कडेपासून फूटभर आत, तीन-तीन फुटांवर १० झाडं पुरतात. सहा इंची पिशवीतलं, बुंध्यापासून फांद्या फुटलेलं रोप घ्या. एकच काठी वर गेलेलं उंच रोप दिसायला मोठं असलं तरी पुढे खालून उघडं पडतं. हवेत दमटपणा वाढला, वळवाची सर येऊन गेली की हे झाड जांभळ्या फुलांनी भरून जातं. छाटणी फेब्रुवारीअखेर एकदा आणि मेमध्ये हलकी. आतल्या दाट फांद्या काढून वारा खेळेल असं करा. कात्रीनं वरून सपाट कापत राहिलात तर बाहेर दाट भिंत होते, आत ओलावा कोंडतो आणि पावसाळ्यात आतली पानं झडून काटक्या उरतात.

मधल्या ओळीला निळी सॅल्व्हिया, फुटाला एक याप्रमाणे ३० रोपं. ही चंदेरी पानाची नाही, पण निळा-जांभळा रंग शेजारी असल्याशिवाय चंदेरी रंगाला उठाव येत नाही. सगळा वाफा चंदेरी केला तर दुपारच्या उन्हात तो नुसता धुळीनं माखल्यासारखा दिसतो. एक तृतीयांश चंदेरी, बाकी हिरवं आणि निळं, असं प्रमाण मला योग्य वाटतं.

पुढच्या कडेला डस्टी मिलर, ओळीत दहा इंचांवर, दोन ओळी एकमेकींच्या फटीत. म्हणजे ७२ रोपं, आणि मरतुकीसाठी आठ जास्त. बाजारात दोन तऱ्हा मिळतात. बारीक कातरलेल्या पानांची सिल्व्हर डस्ट बुटकी आणि दाट राहते. रुंद, कमी कातरलेल्या पानांची सिरस अधिक पांढरी दिसते. कडेसाठी सिल्व्हर डस्ट बरी. एका ओळीत दोन्ही मिसळू नका, कड वेडीवाकडी दिसते.

बी पेरायचं असेल तर याच आठवड्यात पेरा. ९८ किंवा १०४ कप्प्यांच्या ट्रेमध्ये ओलसर कोकोपीट भरा, बी वर टाकून नुसतं बोटानं दाबा. झाकायचं नाही, कारण उगवायला उजेड लागतो. वर छप्पर, चारी बाजूंनी उघडं. २० ते २४ अंशांना दहा ते चौदा दिवसांत उगवतं आणि या दिवसांत बेळगावची हवा तशीच असते. रोपं बुडाशी बारीक होऊन कोलमडायला लागली की पाणी जास्त होतंय. झारीनं वरून पाणी घालणं बंद करा, ट्रे पाच मिनिटं पाण्यात ठेवून खालून भिजवा आणि वरचा थर सुकल्यावरच पुन्हा पाणी द्या. सहा ते आठ आठवड्यांत रोप लावणीला येतं. याच आठवड्यात पेरलेलं नेमकं चित्राला तयार होईल.

लावताना रोपाच्या मुळांचा गोळा वाफ्याच्या पातळीपेक्षा अर्धा इंच वर राहू द्या. खालची पानं मातीला टेकत असतील तर ती काढून टाका. सगळी लावणी झाली की झाडांच्या मधून पाव इंची खडीचा एक इंच थर पसरा. त्याला साधारण १० घनफूट खडी लागेल. यामुळे बुंधा कोरडा राहतो आणि पावसाच्या थेंबानं माती पानांवर उडत नाही. तांबड्या मातीचे शिंतोडे चंदेरी लवेत अडकले की धुऊनही निघत नाहीत. पालापाचोळा किंवा उसाच्या पाचटाचं आच्छादन इथे घालू नका.

डस्टी मिलरबद्दल दोन गोष्टी कळकळीनं सांगायच्या आहेत. याच्या पानांत यकृताला घातक अल्कलॉइड असतात, म्हणून छाटलेला पाला म्हशी-शेळ्यांपुढे टाकू नका. आणि सिनेरारिया नावाचे डोळ्यांचे थेंब औषधाच्या दुकानात मिळतात ते याच झाडाच्या अर्काचे. म्हणून घरच्या झाडाचा रस पिळून कुणी डोळ्यात घालू नये. तसं करणं धोक्याचं आहे.

पहिल्या वर्षी ल्युकोफायलम लहान असेल आणि मागे उघडी जमीन दिसेल. ती भरायला दवणा लावा. चैत्रात जोतिबाला वाहतात तोच. शोभेच्या वाफ्यात त्याचा विचार कुणी करत नाही याचं वाईट वाटतं. पान राखाडी-चंदेरी, बारीक कातरलेलं, उंची दीड-दोन फूट, आणि वाऱ्याबरोबर येणारा वास दुसऱ्या कुठल्याच चंदेरी झाडाला नाही. बी मात्र त्याच वर्षीचं हवं, जुन्याची उगवण झपाट्यानं घटते. दोन दिवस पाण्यात भिजवून बारीक वाळूत मिसळून नोव्हेंबरच्या सुरुवातीला पसरट कुंडीत पेरा. तीन-चार दिवसांत कोंब दिसतात. महिन्याच्या रोपांची चार-चार इंचांवर पुनर्लागण करा. फेब्रुवारी-मार्चमध्ये फुलावर येतो तेव्हा वास सगळ्यात जास्त असतो. तो कापला की जागा आपोआप मोकळी होते आणि पावसाळ्याचा प्रश्नच उरत नाही.

लॅव्हेंडर पुन्हा लावायचंच असेल तर जात बदला. थंड देशांतलं अत्तराचं लॅव्हेंडर इथल्या हवेत रडतखडत जगतं. दातेरी पानांचं डेंटाटा किंवा नेच्यासारख्या पानांचं मल्टिफिडा घ्या आणि तेही एका हंगामाचं समजा. लॅव्हेंडरच्या कुळातल्या दोन रानटी जाती आपल्याच सह्याद्री-दख्खनच्या कातळांवर उगवतात. त्या जिथे उगवतात त्या उतारांवर पाणी थांबत नाही, यावरून या कुळाला काय हवं ते कळतं. लॅम्ब्ज इअर मात्र वाफ्यात लावू नका. रुंद, जमिनीला टेकलेली, जाड लवेची पानं म्हणजे आपल्या पावसात कुजण्याचीच हमी. फार आवडत असेल तर पडवीत कुंडीत ठेवा.

चिऱ्यांवरून खाली सोडायला सिल्व्हर फॉल्स हा डायकोंड्रा चांगला. लवेचा असूनही तो बऱ्यापैकी तग धरतो, कारण लोंबत्या फांद्यांवरचं पाणी निथळून जातं. दोन-दोन फुटांवर एक रोप पुरे. टेकलेल्या प्रत्येक पेराला मुळं फुटतात, तिथून कापून नवी रोपं करता येतात. बिस्मार्क पामचा मोह चार फुटी वाफ्यात नको. त्याचं एकेक पान पुढे सहा-सात फुटांचं होतं आणि एकदा मूळ धरलेलं झाड हलवलं तर बहुधा मरतं.

सावलीच्या बाजूला, उत्तरेच्या भिंतीशी किंवा आंब्या-फणसाखाली, पिलिया, झेब्रिना आणि रेक्स बेगोनिया. पिलिया फुटाला एक, झेब्रिनाचे चार बोटं लांबीचे तुकडे आषाढ-श्रावणात नुसते खोचले तरी लागतात. माती भरपूर पानखताची. खानापूरकडे हाच वाफा खरा शोभतो. जानेवारी ते मे दर दोन-तीन दिवसांनी पाणी हवं. झेब्रिनाच्या रसानं काहींच्या हाताला खाज येते, छाटताना हातमोजे घाला.

पाणी, खत आणि हिरवी पडणारी पानं

लावणीनंतर पहिले दहा दिवस रोज थोडं पाणी, मग दिवसाआड, आणि महिन्यानंतर बोट दोन इंच खुपसून माती कोरडी लागली तरच. हिवाळ्यात साधारण पाच-सहा दिवसांनी, एप्रिल-मेमध्ये तीन दिवसांनी. पाणी सकाळी आणि बुंध्याशी, पानांवर कधीच नाही. बोअरचं पाणी जड असेल तर पानांवर क्षारांचे डाग पडतात आणि ते लवेत बसतात. नळाला राकसकोप धरणाचं पाणी येत असेल तर हा त्रास नाही, तरी पानं भिजवू नयेतच. ताशी दोन लिटरचे ड्रिपर लावले तर सगळ्यात सोपं.

‘पानं आधी पांढरी होती, आता हिरवी झाली’ ही तक्रार बहुतेकदा खताची असते. पान कोवळं असतानाच त्यावरची लव किती ते बरंचसं ठरून जातं. नत्र आणि पाणी जास्त मिळालं की पान मोठं पसरतं, लव तेवढीच राहते, म्हणून ती विरळ होते आणि खालचा हिरवा रंग दिसतो. सावलीतही हेच होतं. म्हणून युरिया नको, शेणाची स्लरी नको. लावताना खड्ड्यात मूठभर गांडूळखत, नोव्हेंबरच्या मध्यावर एकदा १०:२६:२६ चौरस मीटरला १५ ग्रॅम, म्हणजे पूर्ण वाफ्याला १६५ ग्रॅम. झालं, वर्षाचं खत एवढंच.

डस्टी मिलर सहा इंचांचं झालं की शेंडा खुडा, बाजूनं फुटवे येतात. उन्हाळ्याच्या तोंडाला पिवळ्या फुलांचे दांडे निघू लागले तर ते बुडातून काढा. दांडा वर गेला की पानं बारकी होतात आणि झाड खाली उघडं पडतं.

औषध फवारताना

चंदेरी झाडांवर कडुनिंबाचं तेल, साबणाचं पाणी किंवा चिकटद्रव घातलेलं औषध फवारू नका. मेणाच्या पानांवरचं मेण तेलानं आणि साबणानं धुऊन जातं. लवेच्या पानांवर केस एकमेकांना चिकटतात, पान तेलकट हिरवं दिसतं आणि उन्हात करपतं. पिठ्या ढेकूण इथे फसवतो, कारण पांढऱ्या पानावर तो पांढरा दिसतच नाही. पानाच्या बेचक्यात चिकटपणा आणि मुंग्यांची ये-जा दिसली की शोधा. काडीला कापूस गुंडाळून स्पिरिटमध्ये बुडवून एकेक पुसून घ्या. जास्त असेल तर तो फुटवाच कापून टाका. मुंग्यांचं वारूळ आधी हटवा, नाहीतर त्या पुन्हा आणून सोडतात. मार्चनंतर पानं निस्तेज होऊन बारीक जाळी दिसली तर लाल कोळी. याच्यासाठी मात्र सकाळी साध्या पाण्याचा जोराचा फवारा पानांच्या खालून मारायचा. पानं भिजवण्याची ही एवढीच सूट, कारण त्या दिवसांत ती तासाभरात वाळतात.

बुरशीसाठी एक टक्का बोर्डो मिश्रण: १० लिटर पाण्याला १०० ग्रॅम मोरचूद आणि १०० ग्रॅम चुना, दोन्ही प्लॅस्टिकच्या वेगवेगळ्या बादल्यांत विरघळवून मग एकत्र. स्वच्छ लोखंडी सुरी त्यात मिनिटभर बुडवा. पात्यावर तांबूस थर आला तर आणखी चुना हवा. हे पानांवर मारायचं नाही, निळसर डाग कायमचे राहतात. मृग सुरू होण्याआधी एकदा बुंध्याशी ओता, झाडाला पाव ते अर्धा लिटर. तोवर ऑक्टोबरातलं ट्रायकोडर्मा आपलं काम करून गेलेलं असेल.

पावसाळ्याआधीची तयारी

ल्युकोफायलम आणि सिल्व्हर फॉल्स वाफ्यातच राहतील. डस्टी मिलर आणि लॅव्हेंडरचं मात्र रोहिणी नक्षत्रातच ठरवून टाका. सगळा वाफा झाकायचा तर बांबूच्या कमानींवर चार फूट उंचीला २०० मायक्रॉनचा प्लॅस्टिकचा कागद ताणून लावा. रोपांना इरलं घातल्यासारखा, वरून झाकलेला आणि चारी बाजूंनी उघडा. कागद जमिनीपर्यंत सोडला तर आत वाफ कोंडते आणि झाडं पावसापेक्षा लवकर कुजतात.

एवढा खटाटोप नको असेल तर फेब्रुवारी-मार्चमध्ये फाटे लावून ठेवा. फूल न आलेल्या शेंड्यांचे तीन इंची तुकडे घ्या, खालची निम्मी पानं काढा, जाड वाळू आणि कोकोपीट समप्रमाणात घेऊन त्यात खोचा. इतर झाडांच्या फाट्यांवर आपण प्लॅस्टिकची पिशवी घालतो, तशी इथे घालायची नाही. लवेत दमटपणा साचून तीन दिवसांत तुकडे काळे पडतात. तीन-चार आठवड्यांत मुळं धरतात. मग सहा इंची कुंडीत हलवून पडवीत, ऊन येईल पण पाऊस लागणार नाही अशा जागी ठेवा, आणि सबंध पावसाळ्यात पाच-सहा दिवसांनी कपभर पाणी द्या. वीस कुंड्या ठेवल्यात तर हस्ताला प्रत्येकीतून चार-पाच शेंडे पुन्हा लावायला मिळतील.

जूनमध्ये वाफ्यातली जुनी डस्टी मिलर काढल्यावर पुढची कड चार महिने रिकामी दिसेल. तिथे जांभळ्या पानांची सेटक्रेशिया फुटाफुटावर खोचा. ती झडीत मजेत वाढते, आणि मागच्या ल्युकोफायलमचा चंदेरी रंग श्रावणातल्या उन्हाच्या तिरिपीत तिच्यामुळे आणखी खुलतो. ऑक्टोबरात ती उपटून कुंड्यांत भरा आणि कडेला परत डस्टी मिलर लावा.